नाफडेकाकांचं अस्वल

नाफडेकाकांनी माझं नाव विचारलं ते आम्ही त्यांच्या घरात राहायला आल्यावर कित्येक महिन्यांनी. अस्वलाबद्दल मात्र त्यांनी पहिल्याच मिनिटाला विचारलं.

बँकेनं माझी बदली जबलपूरला केली होती. आम्ही साताऱ्याकडची माणसं. कांचघर भागात वरचा मजला भाड्यानं मिळाला आणि घरमालक मराठी, पिढ्यान्‌पिढ्या इथलेच, हे ऐकून वैशाली, म्हणजे माझी बायको, निर्धास्त झाली. सामानाचा ट्रक आला तेव्हा फाटकात एक उंच, खांद्यात वाकलेले, बिनबाह्यांचा स्वेटर घातलेले गृहस्थ उभे होते. दोन हमाल आमचं लोखंडी कपाट पाठीवर घेऊन जिन्याकडे निघाले होते. गृहस्थांनी हात आडवा केला. मला वाटलं, जिना अरुंद आहे, कपाट वर जाणार नाही, असं काहीतरी सांगतील.

"तुम्ही ते अस्वलाचं कार्टून पाहिलं काय?" त्यांनी मला विचारलं. "वायलिन शिकवते ते. नाही तर कोणाच्या तोंडून ऐकलं असेल?"

मी नाही म्हणालो. मग त्यांनी तोच प्रश्न हिंदीत हमालांना विचारला. हमाल जवळच्या पनागर गावचे. त्यांनी कपाटासकट मान हलवली. आणि कोणीही न विचारता काकांनी कार्टून सांगायला सुरुवात केली.

जुनं, काळंपांढरं, परदेशी कार्टून. एक अस्वल आहे, गाण्याचं मास्तर. कोट घालते, छडी हलवते. शिष्य कोण, तर एक बदक. बदक वायलिनवर गज टेकवते, आणि वायलिनच्या पोटातून एक उंदीर बाहेर येतो. कमरेवर हात ठेवून बदकाला झापतो. त्याची झोपमोड झालेली असते. मास्तर उंदरामागे लागतात. फुलदाणी फुटते. घड्याळ पडते. घड्याळातला पक्षी मास्तरांच्या नाकाला चावतो. दर मोडतोडीनंतर मास्तर कोट झटकतात, छडी उचलतात आणि म्हणतात, चला, पुन्हा पहिल्यापासून. शेवटी उंदीर छताच्या झुंबरावर जाऊन बसतो. मास्तर शिडी लावतात. शिडी धरायला बदक. मास्तर सगळ्यात वरच्या पायरीवर. छडी उगारलेली. आणि बदकाला येते शिंक.

हे सगळं काका हातवाऱ्यांसकट करून दाखवत. अस्वलासारखे झुलत, उंदरासारखं नाक फेंदारत, बदकाची शिंक येता येता थांबवून धरत. बघणारा हसून बेजार. स्वतः काका मात्र एकदाही हसत नसत. पोस्टातला माणूस तार वाचून दाखवतो तसा त्यांचा चेहरा.

"फिर?" पाठीवर कपाट तोलत हमालानं विचारलं.

"फिर क्या. लाइट चली गई."

"फिर कब आई?"

काकांनी त्याच्याकडे जरा रोखून पाहिलं, बाजूला झाले आणि म्हणाले, "चलो, सांभाळून. जिना तंग आहे."

त्यांची ही सवय गल्लीला पाठ होती. काका वीज खात्यात मीटर वाचायच्या नोकरीत होते, आणि ज्या ज्या घराचं मीटर त्यांनी वाचलं, त्या त्या घरात अस्वल पोचलेलं होतं. कोपऱ्यावरचा शिंपी सांगायचा, "बाबूजी यूनिट बाद में देखते थे, भालू पहले." काही वर्षं ते मझौली गावात नोकरीला होते. तिथल्या लोकांचा काही दिवस असा समज होता की ही सरकारची नवी योजना आहे आणि 'हो, पाहिलं' असं म्हणणाऱ्याला काहीतरी मिळणार आहे. त्यामुळे लोक हो म्हणायचे. मग काका विचारायचे, "बताइए, चूहा कहाँ रहता है?" आणि योजना तिथंच संपायची. एका म्हातारीनं सांगितलं, कार्टून नाही बाबा, पण खरं अस्वल पाहिलं आहे, मोहाची फुलं वेचताना. काकांनी तिचं सगळं ऐकून घेतलं, पाणी प्यायले आणि पुढच्या घरी गेले.

लग्नात ते वरपक्षाच्या ओळीत शिरायचे. मुलीच्या बापाला वाटायचं, मानपान बघायला गेले. ते आपले बाहेरगावच्या पाहुण्यांना एकेकाला गाठून विचारत असायचे. "इंदूरहून आले काय? अच्छा. तुम्ही ते अस्वलाचं..." हर्नियाच्या ऑपरेशनच्या वेळी टेबलावर आडवं केल्यावर त्यांनी भूल देणाऱ्या डॉक्टरला विचारलं. डॉक्टर केरळकडचा होता. त्याला आधी प्रश्न कळेना, मग त्याला वाटलं औषध फार लवकर चढलं. नाही म्हणाला. काका म्हणाले, "चलो, मग कापा."

सुलभाकाकूंना या सगळ्याची भयंकर लाज वाटे. ठेंगणी, गोरी, कपाळाला कायम आठी असलेली बाई. काकांनी कोणासमोर अस्वल काढलं की त्या उठून आत जात. आत जाऊन काही काम करत असतील असं नाही. एकदा मी पाणी मागायला गेलो तर ओट्याजवळ नुसत्या उभ्या होत्या, बाहेरचं संपायची वाट बघत.

घरात इन्व्हर्टर नव्हता. काकू त्यासाठी कित्येक उन्हाळे भांडल्या होत्या. काका म्हणायचे, "काहून? लाईट जाते, येते. आपण काय ऑपरेशन करून राहिलो इथं?" आणि लाईट गेली की ते हातातला घास ताटात ठेवून फाटकाशी जाऊन उभे राहायचे. आजूबाजूच्या काही घरांत दिवे दिसत, काही घरांत नसत. काका लाईट येईपर्यंत तिथंच. आली की आत येऊन राहिलेला घास खायचे. मी समजत होतो, वीज खात्यातली जुनी खोड.

सकाळी ते ग्वारीघाटला जायचे. स्कूटरला दोन थर्मास लटकवलेले. नर्मदेच्या परिक्रमेला निघालेली माणसं घाटावर उतरतात, कोणी आंघोळीला, कोणी नुसतंच टेकायला. काका त्यांना चहा द्यायचे. पुण्यवान माणूस, असं मी वैशालीला म्हणालोही. एका रविवारी मी त्यांच्याबरोबर गेलो, तेव्हा कळलं की प्रत्येक कपाबरोबर अस्वलही आहे. जटा वाढवलेला, दंड घेतलेला एक साधू चहा फुंकत होता. काकांनी हात जोडून विचारलं, "महाराज, आपने वो भालू वाला कार्टून देखा है? किसी से सुना है?"

साधूनं डोळे मिटले. "बच्चा, हमने तो संसार ही छोड़ दिया."

"पहले का पूछ रहा हूँ, महाराज. छोड़ने के पहले का."

साधूनं कप खाली ठेवला आणि चालायला लागला. काकांनी कप विसळला. पुढचा साधू येत होता.

मला हसू आवरेना. घरी येऊन मी वैशालीला हे सांगितलं तेव्हा ती नाही हसली. ती म्हणाली, "त्यांना शेवट बघायचा असेल हो. किती वर्षं झाली असतील, लाईट गेली आणि राहून गेला. आपण शोधू या ना."

वैशालीचा स्वभाव असा की अर्धा विणलेला स्वेटर तिला घरात बघवत नाही. तिनं मोबाईलवर शोधायला घेतलं. जगात जुन्या कार्टूनांना तोटा नाही आणि त्यात गाणं शिकवणारी जनावरंही पुष्कळ, हे आम्हाला तेव्हा कळलं. कोल्हा, मांजर, घोडा. काही सापडलं की ती खाली नेऊन दाखवायची. काका चष्मा लावून बघायचे आणि म्हणायचे, "हे नाही." हे नाही म्हणताना त्यांच्या चेहऱ्यावर निराशा नसायची. खरं सांगायचं तर सुटल्यासारखे दिसायचे. आम्ही दोघांनी ते पाहिलं होतं. पण त्याचा अर्थ लावला नव्हता.

आणि एक दिवस तिला ते सापडलं. काळंपांढरं, खरचटलेलं. कोट घातलेलं अस्वल, वायलिन, बदक, आणि वायलिनच्या पोटातून बाहेर येणारा उंदीर. वैशालीनं एवढ्या मोठ्यानं हाक मारली की मला वाटलं दूध उतू गेलं.

रविवारी सकाळी तिनं पोहे केले आणि दोघांना वर बोलावलं. टीव्हीवर लावू म्हणाली, मोठं दिसेल. काका खुर्चीच्या कडेवर बसले. काकू दाराशी वेताच्या मोड्यावर. कार्टून सुरू झालं आणि काका टीव्हीच्या पुढे पुढे बोलायला लागले. "आता फुलदाणी. आता घड्याळ. हां, नाक. नाक चावलं." एकही गोष्ट चुकत नव्हती. मी कौतुकानं काकांकडेच बघत होतो. त्यांचा आवाज हळूहळू खाली येत गेला. शिडी लागली. मास्तर वर चढले. बदकानं नाक वर केलं.

"बस," काका म्हणाले. "इथंच."

पण वैशालीला शेवट दाखवायचा होता. बदक शिंकलं. शिडी सरकली. मास्तर झुंबरासकट खाली, खालची जमीन फुटली, भिंती पत्त्यांसारख्या बाहेरच्या बाजूला पडल्या, छप्पर आलं. धूळ बसली. ढिगाऱ्यातून मास्तरांचं डोकं वर आलं, मग छडी. चला, पुन्हा पहिल्यापासून. चौकटीच्या कडांनी काळं वर्तुळ मिटत आलं आणि संपलं.

"एवढंच?" काका म्हणाले.

"एवढंच होतं काका!" वैशाली आनंदानं म्हणाली. "पाहिलंत ना एकदाचं?"

काका टीव्हीकडे बघत होते. "हे कोणालाही दिसते काय? कोणीही लावलं तर?"

"हो ना. फुकट आहे. लाखो लोकांनी पाहिलंय. हे बघा, खाली आकडा असतो."

"लाखो," काका म्हणाले.

त्यांनी पोह्यांची बशी स्टुलावर ठेवली. लिंबाची फोडही पिळली नव्हती. "चलो," असं म्हणून ते जिना उतरून गेले. काकू पाठोपाठ गेल्या, पण दारातून वळून त्यांनी वैशालीच्या गालाला हात लावला. त्याचाही अर्थ आम्हाला लागला नाही.

वैशालीनं त्याच दुपारी ते कार्टून गल्लीच्या ग्रूपवर टाकलं. मग जे झालं ते सगळं लोकांच्या चांगुलपणातून झालं. दूधवाला म्हणाला, "काका, देख लिया भालू!" शिंप्यानं दुकानातून हात केला, "बाबूजी, क्या चीज थी!" शाळेतली पोरं फाटकाशी थांबून खोटी शिंक देऊन पळायला लागली. ज्यानं त्यानं आपापल्या नातेवाइकांना पाठवलं. मझौलीहून कोणा जुन्या ओळखीच्याचा फोन आला. जन्मभर ज्या माणसाला सगळे 'नाही' म्हणत आले, त्याला आता जो भेटेल तो 'हो' म्हणत होता.

काकांनी फाटकात यायचं बंद केलं. स्कूटर जागची हलेना. मी खाली डोकावलो तर खाटेवर पाय वर घेऊन बसलेले असायचे, पंख्याकडे बघत. "बरं आहे ना?" "बरं आहे." एवढंच.

काकू आमचा डबा परत करायला वर आल्या त्या दिवशी मी घरीच होतो. त्या कधी बसत नसत. त्या दिवशी बसल्या.

"वैशाली, तुमचा काही दोष नाही," त्या म्हणाल्या. "तुम्ही प्रेमानं केलं. पण यांना कार्टून नको होतं हो."

"मग?"

"यांना माणूस पाहिजे होता."

मग त्यांनी सांगितलं. काकांना एक धाकटा भाऊ होता, अरविंद. अरू म्हणत. काकांचे वडील अण्णा याच घरात वायलिन शिकवायचे, खालच्या पुढच्या खोलीत. गल्लीतली पोरं यायची, पण अण्णांची खरी शिकवणी घरातल्या पोरांवर. काकांना हात नव्हता, ते लवकर सुटले. अरूला हात होता, म्हणून तो अडकला. बावीस वर्षांचा झाला तरी रोज संध्याकाळी अण्णांसमोर बसायचा. चूक झाली की अण्णा गज काढून घ्यायचे आणि म्हणायचे, पुन्हा पहिल्यापासून. नवा टीव्ही घेतला होता. त्या संध्याकाळी शिकवणी मध्येच थांबली, कारण टीव्हीवर ते अस्वल लागलं. दोघे भाऊ बघायला बसले, अण्णा मागे खुर्चीत. अस्वलानं कोट झटकून पुन्हा पहिल्यापासून म्हटलं आणि अरू हसायला लागला. लोळून हसला. "दादा, अण्णा बघ, अण्णा!" म्हणाला. काकाही हसले.

अण्णा मागून म्हणाले, "हास. ज्याला स्वतःला काही जमत नाही, त्यानं हसावंच."

तेवढ्यात, बदकाला शिंक येता येता, लाईट गेली. अंधारातून अरूचा आवाज आला, "बघून येतो, सगळ्यांची गेली की आपलीच."

"तेव्हाचा गेलेला," काकू म्हणाल्या.

पोलीस झाले, छापून आणलं, नवस झाले. अण्णांनी वायलिन पेटीत ठेवलं ते पुन्हा काढलं नाही, आणि दोन हिवाळ्यांत गेले. काका बी.एस्सी. होते, शाळेत मास्तर म्हणून लागत होते. त्यांनी ते सोडून मीटर वाचायची नोकरी धरली. "कोणाच्याही घरात जाता येते ना," काकू म्हणाल्या. "स्वयंपाकघरापर्यंत." त्यांचं लग्न झालं ते त्यानंतर. "मी त्याला कधी पाहिलं पण नाही. पण माझ्या सगळ्या संसारात तो इथंच राहून राहिला. विधी करून टाका म्हटलं, किती वेळा म्हटलं. नाव घेऊ देत नव्हते."

त्या संध्याकाळी मी खाली गेलो. काय बोलायचं ते ठरवलं नव्हतं. काकांनीच सुरुवात केली. तोवर मी त्यांना अस्वलाशिवाय सलग चार वाक्यं बोलताना ऐकलं नव्हतं.

"फोटो दाखवून काय होते, शेलारसाहेब? चेहरा बदलून जाते. नाव तर आपणच बदलू शकतो. पण ते कार्टून त्याचंही अर्धंच राहिलं होतं ना. मी म्हटलं, कुठं तरी बायको असेल, पोरं असतील, दुकानात सोबतचे असतील. कधी तरी त्यांना सांगेलच की एक अस्वल होतं, बदकाला शिंक आली आणि लाईट गेली. कोणी मला म्हणालं असतं, हो, आमचे भैया सांगतात ही गोष्ट, तर मी त्याला विचारलं असतं, तुमचे भैया कुठं राहतात." ते थांबले. "आता तर सगळेच सांगतील. आता काय विचारू?"

आतून कुकरची शिट्टी झाली.

"काकूंना सांगा, विधी करून टाकू," ते म्हणाले. काकू आतच होत्या, त्यांना ऐकू गेलं होतं. तरी मला निरोप्या व्हावं लागलं.

जो माणूस गेला पण मेल्याचं कळलं नाही, त्याचा पळसाच्या पानांचा आणि दर्भाचा पुतळा करतात, डोक्याच्या जागी नारळ ठेवतात आणि त्याला अग्नी देतात. गावातले मराठी गुरुजी तयार झाले. ग्वारीघाटापासून थोडं बाजूला, पायऱ्यांच्या वरच्या मोकळ्या जागी, सकाळी आम्ही पाच जण होतो. काका, काकू, गुरुजी, वैशाली आणि मी. काका धोतर नेसले होते आणि त्यांची पोटरी काडीसारखी दिसत होती. गुरुजींनी पानं मांडली. हात, पाय, छाती. मी आधी कधी असं पाहिलं नव्हतं. खरोखर माणूस निजल्यासारखं दिसायला लागलं. काकू तोंडाला पदर लावून उभ्या होत्या.

गुरुजींनी नाव विचारलं, गोत्र विचारलं. मग म्हणाले, "वय?"

"कोणतं?" काका म्हणाले.

"मृताचं वय हो."

"म्हणजे गेला तेव्हाचं, की आताचं?"

गुरुजी गोंधळले. "गेला तेव्हाचंच सांगतात."

"तेव्हा तर तो मेला नव्हता. तेव्हा लाईट बघायला गेला होता. आज मेला धरून राहिले ना तुम्ही? मग आताचं सांगतो."

"अहो," काकू हळूच म्हणाल्या, "गुरुजींना करू द्या ना."

गुरुजींनी वय वगळून पुढचा मंत्र म्हटला आणि काकांना नदीचं पाणी आणायला पाठवलं. काका तांब्या भरून वळले तेव्हा आम्ही सगळे त्यांच्याकडे बघत होतो. त्यामुळे बकरी कुठून आली ते कोणालाच दिसलं नाही. दिसलं तेव्हा तिच्या तोंडात अरूचा डावा हात होता.

गुरुजी ओरडले. बकरीनं हात सोडला आणि पाय धरला. गुरुजी हातातली पळी घेऊन तिच्यावर धावले, सोवळ्यात अडकले, बसले. बकरीनं तेवढ्यात छातीवरून उडी मारली. नारळ निसटला आणि पायऱ्यांवरून टणाटण उड्या घेत खाली निघाला. एक नाववाला हसला. फुलं विकणारी बाई हसली. गुरुजी उठले, पुन्हा धावले. बकरी गोल फिरून परत आली, कारण पळसाची पानं तिला आवडली होती. मी हुसकवायला गेलो तर मलाच शिंग लागलं. पंधरा पावलांच्या जागेत मोकळा झालेला माणूस पसरला होता, पानपान.

आणि काका हसायला लागले. हातातला तांब्या हिंदकळत होता, धोतर भिजत होतं, आणि ते हसत होते. मी त्यांना हसताना तोपर्यंत पाहिलं नव्हतं. पायरीवर बसले, तरी हसू थांबेना. डोळ्यांतून पाणी यायला लागलं ते कशाचं होतं हे त्यांनाही सांगता आलं नसतं.

गुरुजी धापा टाकत आले. "काही हरकत नाही. पानं आहेत अजून. दुसरा करू."

"नको गुरुजी," काका म्हणाले. "राहू द्या."

"असं अर्धवट ठेवू नये."

"तो झोपून राहणार नाही. मी ओळखतो त्याला."

मी काकूंकडे पाहिलं. हा विधी व्हावा म्हणून ती बाई जन्मभर थांबली होती. उजव्या हातात काडेपेटी धरलेली होती, कारण गुरुजींनी ती त्यांच्याकडे सांभाळायला दिली होती. मला वाटलं, आता त्या रडतील, नाही तर काकांना चारचौघांत काहीतरी बोलतील. हक्क होता त्यांचा. त्यांनी काडेपेटी गुरुजींच्या पिशवीत टाकली, खाली जाऊन नारळ उचलून आणला, पुसला आणि नदीत सोडून दिला. मग पायऱ्या चढून परत आल्या आणि काकांपासून थोडं अंतर ठेवून बसल्या. बकरी निवांतपणे उरलेलं खात होती.

स्कूटरला थर्मास होता. सुतकाच्या कामाला चहा कशाला, असं मी मघाशी मनात म्हणालो होतो. वरून एक परिक्रमावाला येत होता, हातात काठी, खांद्याला झोळी. साठीचा असावा. उन्हानं रापलेला, दाढीत तोंड बुडालेला. असा चेहरा कोणाचाही असू शकतो. त्यानं थर्मास पाहिला आणि थांबला. काकांनी सवयीनं उठून कप भरला, त्याच्या हातात दिला. त्यांचं तोंड उघडलं. काही विचारण्यासारखं उरलं नव्हतं, ते मिटलं.

"महाराज," काकू म्हणाल्या.

काकांनी चमकून मान वळवली. परक्या पुरुषाशी काकू आपणहून बोलल्याचं मी कधी पाहिलं नव्हतं.

"महाराज, घर में कौन-कौन था आपके?"

परिक्रमावाल्यानं चहाचा घोट घेतला. असं बहुधा त्याला कोणी विचारत नसावं. तो काकूंकडे बघत राहिला, मग नदीकडे. "बहुत लोग थे, माई," तो म्हणाला.

काकूंनी पदर सावरला आणि शेजारची पायरी हातानं झाडली.

"बैठिए," त्या म्हणाल्या. "एक-एक करके बताइए."